ललिताबाईंच्या मागोमाग

या प्रवासाला निघण्याआधी दोन अटी समजून घ्या. वाटेत तुम्हाला सगळं दिसेल आणि ऐकू येईल, पण कुणाशी बोलता येणार नाही. पुढे काय घडणार हे तुम्हाला ठाऊक असलं, तरी कुणाला सावधही करता येणार नाही. ही दुसरी अट तुम्हाला जड जाईल.

आपण एका नटीच्या मागोमाग जाणार आहोत. ललिता पवार हे नाव ऐकलं की डोळ्यांपुढे बारीक झालेला डावा डोळा येतो आणि लगेच थपडेची गोष्ट आठवते. ती थप्पड वाटेत येईलच. पण या बाईंनी सत्तर वर्षं कॅमेऱ्यापुढे जे केलं ते त्या एका क्षणात मावत नाही. आपण निघालोय ते बाकीची वर्षं बघायला.

१९२८, पुणे

ऊन डोक्यावर आलंय आणि तुम्ही आर्यन फिल्म कंपनीच्या आवारात उभे आहात. समोरच्या राजवाड्याला तीनच भिंती आहेत आणि छप्पर नाही. वर पांढरं कापड ताणलंय आणि त्यातून गाळून येणारा उजेड सिंहासनावर पडतोय. इथे सूर्य हाच दिवा. ऊन जरा सरकलं की दोघंजण चंदेरी कागद चिकटवलेल्या फळ्या घेऊन उजेड परतवायला धावतात. कॅमेरामन हाताने हँडल फिरवतोय. त्याचा हात मंदावला तर पडद्यावरचा राजा दुडुदुडु धावायला लागेल, म्हणून तो एका लयीत, श्वास सांभाळून फिरवतो.

चित्रपट आहे ‘राजा हरिश्चंद्र’. पंधरा वर्षांपूर्वी दादासाहेब फाळक्यांनी हीच कथा घेतली तेव्हा पडद्यावर यायला बाई मिळाली नव्हती. तारामती झाले होते अण्णा साळुंके. आता नटमंडळींत येवल्याची एक मुलगी आहे. नाव अंबा, वय बाराच्या आसपास. वडील रेशमी आणि सुती कापडाच्या व्यवहारातले. चांगल्या घरातल्या मुलीने सिनेमात जायचं नाही असं सगळं गाव म्हणतंय, तेव्हा ती इथे उभी आहे.

आता तिच्याकडे नीट बघा. संवाद नाहीत, ध्वनिमुद्रण नाही. दिग्दर्शक शॉट चालू असतानाच मोठ्याने सांगतो आहे: इकडे बघ, थांब, आता मान खाली. जे पोचवायचं ते डोळे, भुवया, मान आणि हात यांनीच. रंगभूषाही वेगळी, कारण त्या काळच्या बहुतेक फिल्मवर लाल रंग काळा उमटतो. कपाळावरचं कुंकू आणि ओठ दोन्ही गडद दिसतात. त्या पांढऱ्या-काळ्या चेहऱ्यावर भुवईची हालचाल शेवटच्या रांगेपर्यंत पोचायला हवी, आणि एखादी रेष जास्त झाली तर नाटकीही वाटता कामा नये.

या मुलीची ही शाळा आहे. इथे ती आवाजाशिवाय बोलायला शिकते आहे. हे लक्षात ठेवा, पुढे उपयोगी पडेल.

१९३२, मूकपट मावळताना

चार वर्षं पुढे या. अंधाऱ्या थिएटरात पडद्याशेजारी पेटी आणि तबला वाजतो आहे, पडद्यावर लिखित मजकुराच्या पाट्या येतात आणि ज्यांना वाचता येतं ते शेजाऱ्याला वाचून दाखवतात. पण हे दिवस मोजके उरलेत. १४ मार्च १९३१ला ‘आलम आरा’ लागला आणि पडदा बोलायला लागला. १९३२मध्ये ‘अयोध्येचा राजा’ आला आणि मराठीही बोलू लागली. मूकपटातल्या कितीतरी नटनट्यांना या बोलण्याने घरी बसवलं. कुणाचा उच्चार आड आला, कुणाचा गळा.

त्याच १९३२मध्ये ‘कैलाश’ नावाचा मूकपट येतो. नायिका आपली तीच मुलगी, आता ललिता नावाची. आणि ती त्या चित्रपटाची सहनिर्मातीही आहे. सोळा वर्षांची मुलगी पडद्यामागच्या जमाखर्चातही उतरली आहे.

बोलपट आला म्हणून ती अडली नाही. संवाद म्हणायला शिकली, आपली गाणी आपणच गायली. १९३५च्या ‘हिम्मत-ए-मर्दा’मध्ये ती धाडसी नायिका आहे. पुढे तिने ‘दुनिया क्या है’ हा बोलपटही काढला, टॉलस्टॉयच्या ‘रिझरेक्शन’ या कादंबरीवर बेतलेला. मराठीत भालजी पेंढारकरांचा ‘नेताजी पालकर’, मग ‘संत दामाजी’, ‘गोरा कुंभार’. १९४१मध्ये वि. स. खांडेकरांच्या लेखणीतून उतरलेला, मास्टर विनायक यांनी दिग्दर्शित केलेला ‘अमृत’. तिच्या नावावर चित्रपट विकले जातात, भित्तिपत्रकावर तिचा चेहरा मोठा असतो.

थोडं थांबून हिशेब करा. तुमच्या माहितीतल्या ललिता पवार अजून सुरूच झालेल्या नाहीत, आणि या बाईंची चौदा वर्षांची कारकीर्द होऊनही गेली आहे.

१९४२, ‘जंग-ए-आझादी’चा सेट

इथे यावंसं वाटणार नाही, पण आलं पाहिजे.

दिवे लागलेत. फ्लोअरवरची हवा तापलेली आहे. प्रसंगात मास्टर भगवान यांनी ललिताबाईंच्या थोबाडीत मारायची आहे. पडद्यावरची थप्पड दोन तऱ्हांनी घेतात. कॅमेरा पाठीमागे असेल तर हात गालाजवळून जातो आणि मान वळते, आवाज नंतर चढवता येतो. कॅमेरा समोर असेल आणि प्रसंग खरा दिसायला हवा असेल तर हात गालाला लागतो. किती लागायचा हे दोन नटांमधल्या अंदाजावर असतं.

तुम्ही कोपऱ्यात उभे आहात. तुम्हाला ओरडावंसं वाटतं आणि आवाज फुटत नाही. हात येतो. अंदाज चुकतो. फटका इतका जोरात बसतो की डाव्या डोळ्यातली शीर फुटते आणि चेहऱ्याला लकवा मारतो. त्यात कुणाचा वाईट हेतू नव्हता. प्रसंगच तसा लिहिलेला होता.

चेहऱ्याचा लकवा म्हणजे काय, ते नटीच्या जागी उभं राहून बघा. कपाळाला आठी पडत नाही. पापणी सांगितल्याबरोबर मिटत नाही. हसायला गेलं की तोंडाची एकच बाजू वर जाते. बारा वर्षांच्या वयापासून ज्या चेहऱ्याला एकेक रेष शिकवली, त्यातला अर्धा चेहरा ऐकेनासा झाला. वय सव्वीस. तीन वर्षं उपचार होतात. चेहरा बराचसा परत येतो, डावा डोळा मात्र पहिल्यासारखा होत नाही. आणि नायिकेच्या चेहऱ्यात दोष असलेला चालत नाही, हा त्या धंद्याचा नियम तेव्हाही होता.

यानंतर आपण सगळे जी गोष्ट सांगतो ती अशी: थप्पड बसली, डोळा गेला आणि हिंदी सिनेमाला खाष्ट सासू मिळाली. ऐकायला ती सोपी आहे, म्हणून टिकली. पण तुम्ही आत्ताच १९२८ आणि १९३२ बघून आलात. डोळा बारीक झाल्याने कुणी नट होत नाही. अपघाताने तिच्याकडून एक जागा काढून घेतली. नवी जागा तिला कुणी आणून दिली नाही, ती तिने कामाने मिळवली. ती कशी मिळवली ते बघायला पुढे चला.

१९४४, प्रभात नगरी

पुन्हा पुणे. आज जिथे फिल्म इन्स्टिट्यूट आहे, त्याच आवारात तुम्ही प्रभातच्या फाटकातून आत शिरता. इथे नट पगारी नोकर आहेत. सुतारकाम, रंगशाळा, कपडेपट, रसायनशाळा सगळं एका आवारात. मोठ्या फ्लोअरवर शनिवारवाड्याचं दालन उभं आहे. चित्रपट ‘रामशास्त्री’. गजानन जागीरदार रामशास्त्री प्रभुणे झालेत आणि आनंदीबाई आहेत ललिता पवार.

त्या थपडेला दोनच वर्षं झालीत, उपचार अजून संपलेले नाहीत. मराठी प्रेक्षकाला आनंदीबाई पाठ आहे, नारायणरावाचा खून कसा झाला हे शाळेतल्या पोरालाही माहीत. भूमिकेत आश्चर्य असं काही उरलेलं नाही. अशा वेळी नटीने काय करायचं? ललिताबाई आनंदीबाईंना राक्षसीण करत नाहीत. डोक्यावरचा पदर, ताठ मान, हुकूम द्यायची सवय असलेला आवाज. या बाईला गादी हवी आहे आणि ती आपल्याच घरात असून हाताला लागत नाही, हे त्या चेहऱ्यावर दिसतं. वाईट माणसाला आपण वाईट आहोत असं वाटत नसतं. हे ज्याला साकारता येतं तो चरित्र अभिनेता. ललिताबाईंना ते इथे सापडलं.

१९५०, परळ

राजकमल कलामंदिर. व्ही. शांताराम ‘दहेज’ करताहेत. पृथ्वीराज कपूर मुलीचे वडील, जयश्री सून, आणि सासू ललिताबाई. त्या आता चौतीस वर्षांच्या आहेत. सासवांच्या पिढीत त्यांनी पाऊल टाकलं ते वय होण्याच्या खूप आधी.

दरम्यान धंद्याची तऱ्हाही पालटली आहे. युद्धानंतर प्रभातसारख्या कंपन्या ढासळल्या आणि महिन्याचा पगार गेला. आता नट एका कंपनीचा नसतो. चित्रपटागणिक करार, दिवसागणिक तारखा. नायकाच्या तारखा आधी ठरतात, मग नायिकेच्या, आणि मग कॅरेक्टर आर्टिस्टला निरोप जातो: अमुक दिवशी सकाळी नऊला हजर राहा. एका चित्रपटात सहा दिवसांचं काम, दुसऱ्यात दहा. महिन्याचा किराणा भरायचा तर चार-पाच ठिकाणी एकदम उभं राहावं लागतं. सकाळी परळला सासू, दुपारनंतर अंधेरीला विधवा आत्या. टॅक्सीत बसून मागची बाई मनातून उतरवायची आणि पुढची अंगात आणायची. पाठांतर तयार हवं, कारण रिटेक नायकासाठी असतात. कॅरेक्टर आर्टिस्टने पहिल्या-दुसऱ्या टेकला मोकळं व्हावं अशी अपेक्षा असते, आणि जो होतो त्याला पुढचं बोलावणं येतं.

तुम्ही ‘दहेज’च्या प्रेक्षकांत बसता तेव्हा शेजारची बाई पडद्यावरच्या सासूला दात-ओठ खात बोल लावते. हुंडाबंदीचा कायदा व्हायला अजून अकरा वर्षं आहेत. त्या अंधारात बसलेल्या कितीतरी जणींच्या घरी अशी सासू आहे आणि तिला बोलायची सोय नाही. पडद्यावरच्या सासूला मात्र मोकळेपणी बोलता येतं. हे सगळं ऐकून घ्यायला कुणीतरी तिथे उभं राहावं लागतं. ललिताबाई उभ्या राहिल्या. त्यानंतरची कित्येक वर्षं त्यांनी ते सोसलं.

१९५५, एकाच वर्षात दोन बायका

हे वर्ष सावकाश बघा. चरित्र अभिनेत्याचं काम काय असतं, ते इथे हाताला लागतं.

आधी गुरुदत्त यांचा ‘मिस्टर अँड मिसेस ५५’. सीतादेवी ही श्रीमंत, शिकलेली, पुरुषांवर जराही भरवसा नसलेली बाई. मधुबालाची पालक. भाषणं देते, घटस्फोटाचा हक्क मागते. हिंदू विवाह कायदा त्याच वर्षी झाला, तेव्हा विषय घरोघरी पेटलेला. साडी चापूनचोपून नेसलेली, केस घट्ट बांधलेले, वाक्य संपलं की समोरच्याने उत्तर देऊ नये असा स्वर. पटकथा तिच्या बाजूने नाही, शेवटी तिला हरायचंच आहे. तरीही ललिताबाई तिला हास्यास्पद होऊ देत नाहीत. ती जे बोलते ते तिला पटलेलं आहे, असं प्रत्येक वाक्यात जाणवतं.

आता चेंबूरला चला, आर. के. स्टुडिओचा ‘श्री ४२०’. तिथे गंगामाई भेटेल. मुंबईच्या फुटपाथवर केळी विकणारी, भावावरून हुज्जत घालणारी, आणि गावाहून आलेल्या राजला पोटच्या पोरासारखा जवळ करणारी. तिच्या बसण्याकडे बघा. सीतादेवी खुर्चीच्या काठावर ताठ बसते. गंगामाई जमिनीवर अशी बसते की तिथून उठून कुठे जायची घाई नाही. सीतादेवीचे हात स्वस्थ असतात, गंगामाईचे सारखे कामात. आवाज सैल, पोटातून येणारा, रस्त्याच्या पलीकडे पोचणारा.

आणि डोळा तोच. सीतादेवीच्या चेहऱ्यावर तो पारखतो, संशय घेतो. गंगामाईच्या चेहऱ्यावर तोच डोळा हसताना मिटल्यासारखा होतो आणि चेहरा मायेने भरतो. डोळा एकच आहे, त्यामागे कोणती बाई उभी करायची हे ललिताबाई ठरवतात. थपडेच्या गोष्टीवर जर कुणी अडून बसलं, तर त्याला हे दोन चित्रपट लागोपाठ दाखवावेत. मला दुसरा पुरावा द्यावासा वाटत नाही.

१९५९, मिसेस डिसा

हृषीकेश मुखर्जी यांचा ‘अनाडी’. राज कपूर, नूतन, मोतीलाल, आणि घरमालकीण मिसेस डिसा. तुम्ही त्या लहानशा घरात एका कोपऱ्यात उभे आहात. मिसेस डिसा भाडेकरूवर खेकसते आहे. शब्द सगळे रागाचे. पण तिच्या हाताकडे लक्ष ठेवा. तोंड चालू असताना हात त्याच्यासाठीच काहीतरी करत असतात. राग ऐकू येतो आणि माया दिसते. कानाला एक आणि डोळ्याला दुसरं देणं ही मूकपटात घडलेल्या नटीची कमाई आहे. पुण्याच्या उन्हात ती जे शिकली ते इथे, एकतीस वर्षांनी, वापरात आलं.

पुढे मिसेस डिसा मरते. जे औषध ती घेते तेच घातक निघतं. चित्रपटाचा उत्तरार्ध तिच्या मरणावर उभा आहे: औषध बनवणाऱ्या श्रीमंताचा दोष आणि गरीब राजवर आलेला आळ. ही बाई प्रेक्षकाला आपली वाटली नसती तर पुढचा सगळा खटला कोरडा गेला असता. नायकाला नायक करायला असं कुणीतरी लागतं, ज्याच्या जाण्याने प्रेक्षकाला चटका बसेल. या भूमिकेसाठी ललिताबाईंना साहाय्यक अभिनेत्रीचं फिल्मफेअर मिळालं.

१९६१ आणि १९६२

पुढची दोन वर्षं धावत बघू, पण एका ठिकाणी थांबू.

१९६१मध्ये ‘जंगली’. हसायला बंदी असलेलं घर आणि ती बंदी घालणारी आई. शम्मी कपूरची आरोळी लोकांच्या लक्षात राहिली. पण ती आरोळी ज्या शिस्तीला फोडून बाहेर पडते ती शिस्त आधी खरी वाटायला हवी होती, आणि ती आईने उभी केली. त्याच वर्षी बाबूभाई मिस्त्री यांच्या ‘संपूर्ण रामायण’मध्ये त्या मंथरा झाल्या. त्याच वर्षी संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार मिळाला.

थांबायचं ते १९६२च्या ‘प्रोफेसर’पाशी. सीतादेवी वर्मा, कडक पालकीण, भाच्यांना शिकवायला म्हातारा शिक्षकच हवा असा तिचा हट्ट. शम्मी कपूर म्हाताऱ्याचं सोंग घेऊन घरात शिरतो, आणि ही बाई त्या खोट्या म्हाताऱ्याच्या प्रेमात पडते. थिएटर हसतंय. प्रसंग हसायचेच आहेत. पण तुम्ही तिच्या चेहऱ्याकडे बघा. आयुष्यभर दुसऱ्यांच्या पोरांना शिस्त लावत राहिलेल्या बाईला कुणीतरी आपल्याशी आदबीने बोलतंय याचं नवल वाटतं आहे. ती लाजते, नटते, स्वतःच्याच वागण्याने गोंधळते. हसता हसता घशाशी काहीतरी येतं. एवढ्यात पडद्यावर नायक-नायिकेचं गाणं सुरू होतं आणि कथा पुढे सरकते. कॅरेक्टर आर्टिस्टला मिळते ती एवढीच जागा. ललिताबाईंनी त्या जागेत एका बाईचं उभं आयुष्य बसवलं. माझ्या मते ही त्यांची सगळ्यात अवघड भूमिका.

१९७१मध्ये हृषीदांनी पुन्हा बोलावलं. ‘आनंद’मधली कडक मेट्रन. तिचंही आडनाव डिसाच. हाक मारली की बाई येतात, दिलेलं काम चोख करतात आणि पुढच्या सेटवर जातात, हे एव्हाना सगळ्यांना ठाऊक झालेलं.

१९८७, उंबरगाव आणि तुमचं घर

महाराष्ट्राची हद्द ओलांडली की लगेच गुजरातचं उंबरगाव लागतं. समुद्राजवळच्या वृंदावन स्टुडिओत रामानंद सागर ‘रामायण’चं चित्रीकरण करताहेत. दशरथ बाळ धुरी, कौसल्या जयश्री गडकर, प्रत्यक्षातही ही दोघं पती-पत्नी. कैकेयी पद्मा खन्ना. आणि मंथरा, पुन्हा एकदा, ललिता पवार. वय एकाहत्तर.

पाठीला कुबड, हातात काठी. वाकून चालायचं, वाकूनच बोलायचं, आणि वाकलेल्या अवस्थेतून वर बघायचं म्हणजे मान सतत ताणलेली. हे एका शॉटपुरतं नाही, दिवसभर करायचं. मालिकेचा वेग चित्रपटापेक्षा कितीतरी जास्त. रविवार ठरलेला असतो आणि भाग तयार व्हावाच लागतो. ‘राजा हरिश्चंद्र’च्या वेळी बारा वर्षांच्या मुलीला ऊन असेपर्यंतच काम असे. आता दिव्यांना दिवस-रात्र नाही.

मंथरा कैकेयीच्या कानाशी लागते तो प्रसंग बघा. ती ओरडत नाही. आधी लाडीगोडी, मग भीती, मग अपमानाची आठवण, मग जरा वेळ गप्प. लहान पडद्यावर चेहरा जवळून दिसतो, त्यामुळे थिएटरचा मोठा आविर्भाव इथे चालत नाही, हे ज्यांची सुरुवात मूकपटात झाली त्या बाईंना कुणी सांगावं लागलं नाही. आवाज खाली आणला, डोळ्याचं काम वाढवलं.

आता रविवारी सकाळी आपल्याकडच्या एखाद्या घरी बसा. चाळीत ज्यांच्याकडे टीव्ही आहे त्यांच्या खोलीत तीस-चाळीस माणसं, दारात चपलांचा ढीग, टीव्हीला हार, समोर उदबत्ती. राम दिसला की आज्या हात जोडतात. मंथरा दिसली की त्याच आज्या बोटं मोडतात. २५ जानेवारी १९८७ ते ३१ जुलै १९८८, देश दर रविवारी असा बसला. नायिकेच्या कामाचा नाही म्हणून १९४२मध्ये मोडीत निघालेला चेहरा आता घरोघरी, चार हातांवर येऊन बसला होता.

१९९८, २०२० आणि आज

२४ फेब्रुवारी १९९८ला पुण्यात, औंधच्या घरी ललिताबाई गेल्या. हिंदी, मराठी, गुजराती मिळून त्यांचे सातशेच्या आसपास चित्रपट सांगितले जातात. पहिला चित्रपट पुण्यातला, आणि अखेरचा मुक्कामही पुण्यातच.

मार्च २०२०मध्ये टाळेबंदी लागली आणि दूरदर्शनने ‘रामायण’ पुन्हा दाखवलं. घरात अडकलेली शाळकरी मुलं पहिल्यांदाच मंथरेला भेटली आणि त्यांनाही तिचा राग आला. या मुलांच्या आईवडिलांनीही लहानपणी हाच राग केला होता.

प्रवास इथे संपला. आता तुम्हाला बोलता येईल, म्हणून दोन गोष्टी मागतो.

पहिली: ललिता पवार यांचं नाव निघालं आणि कुणी थपडेची गोष्ट सुरू केली, तर ती पूर्ण होऊ द्या, खरीच आहे ती. पण तिथे थांबू नका. आधीची चौदा वर्षं आणि नंतरची पंचावन्न वर्षंही सांगा. सोळाव्या वर्षी चित्रपट काढणारी मुलगी, आनंदीबाई, गंगामाई, मिसेस डिसा, ‘प्रोफेसर’मधली लाजणारी सीतादेवी. अपघात एक दिवस टिकला, काम सत्तर वर्षं टिकलं. माणसाचं मोजमाप कामाने करावं.

दुसरी: आज तुमच्या घरी संध्याकाळी जी मालिका लागते, तिच्यात आत्या, मामा, हवालदार, शेजारीण, वकील अशी कामं करणारी माणसं आहेत. पहाटे उठून मढ किंवा ठाण्याच्या सेटवर पोचतात, नायिकेच्या तारखा जुळेपर्यंत मेकअप करून ताटकळतात, आणि चार ओळींत एक माणूस उभा करून घरी जातात. त्यांचे चेहरे तुम्ही रोज बघता. नावं माहीत आहेत का? श्रेयनामावली येते तेव्हा रिमोटला हात लावू नका. एक नाव वाचा, लक्षात ठेवा, आणि तो माणूस रस्त्यात भेटला तर भूमिकेच्या नावाने नव्हे, त्याच्या नावाने हाक मारा.